वाचक विचारतात : माल शिल्लक होता, मग गाव का उठलं?

मागच्या अंकात चिलीमधल्या हम्बरस्टोन या सोऱ्याच्या (म्हणजे खताला आणि दारूगोळ्याला लागणाऱ्या खनिजाच्या) गावातल्या रिकाम्या स्विमिंग पूलचा फोटो छापला होता, खाली दोन ओळी, बास. त्यावर इतकी पत्रं आणि मेल येतील असं वाटलं नव्हतं. सगळी छापणं शक्य नाही, त्यातली निवडक घेतोय, आणि सारखे प्रश्न एकत्र केलेत, तेव्हा आपलं नाव दिसलं नाही म्हणून रागावू नका.

सांगलीहून एक वाचक : फोटोखाली लिहिलंय की गाव १९६० मध्ये रिकामं झालं. म्हणजे खाण संपली असणार. आमच्याकडे डोंगरातला दगड संपला की क्रशरवाला गाशा गुंडाळून पुढच्या डोंगराला जातो, तसंच ना?

नाही हो, तसं अजिबात नाही. माल संपला नव्हता, गिऱ्हाईक संपलं. चांगल्या प्रतीचा माल विरळ होत गेला हे खरं, पण त्या अटाकामा वाळवंटात सोरा आजही पडलेला आहे आणि तिथून दक्षिणेला अजून काढतातसुद्धा.

आता मुळापासून सांगतो. १८६२ मध्ये हे गाव ला पाल्मा या नावानं सुरू झालं, तेव्हा तो मुलूख चिलीचा नव्हताच, पेरूचा होता. युरोपातल्या शेतांना नायट्रोजन हवा होता, तोफांना आणि सुरुंगांना दारू हवी होती, आणि दोन्हीसाठी लागणारं सोडियम नायट्रेट, म्हणजे सोरा, या वाळवंटात जमिनीपासून फार खोल न जाता मिळत होता. स्थानिक लोक त्या खडकाळ थराला कालिचे म्हणतात. सुरुवातीला उघड्या चुलाणावर कढया ठेवून उकळायचे, त्यात इंधन वारेमाप जायचं आणि फक्त उत्तम माल परवडायचा. १८७५ मध्ये जेम्स हम्बरस्टोन नावाचा तरुण इंग्रज केमिस्ट आला, त्यानं इंग्लंडमध्ये सोडा बनवायला वापरायची एक पद्धत उचलून सोऱ्याला लावली. टाक्यांमध्ये वाफेच्या नळ्या फिरवायच्या आणि त्या उष्णतेवर उकळायचं. इंधन वाचलं, हलका मालही परवडायला लागला आणि धंदा जो सुटला तो सुटलाच, अशा दोनशेच्या वर वसाहती त्या पठारावर उभ्या राहिल्या. प्रत्येक वसाहत म्हणजे कारखाना, चाळी, दुकान, सगळं एकाच कंपनीचं. तिथल्या भाषेत तिला ऑफिसिना म्हणतात.

पहिल्या महायुद्धाच्या आधीची पंचवीसेक वर्षं चिली सरकारच्या उत्पन्नातला जवळपास निम्मा पैसा एकट्या सोऱ्याच्या निर्यातकरातून यायचा. निम्मा! त्यावर रेल्वे झाल्या, शाळा झाल्या, आरमार झालं. आणि माझ्या मते घोळ इथेच झाला. सरकारला कर हवा म्हणून कर चढा, आणि कंपन्या १८८४ पासून अधूनमधून एकत्र बसून ठरवायच्या की यंदा माल कमी काढायचा म्हणजे रेट टिकतो. म्हणजे दोघांचंही हित माल महाग राहण्यात. आता जगाला जो माल हवाच आहे तो तुम्ही मुद्दाम महाग ठेवलात तर गिऱ्हाईक कधी ना कधी दुसरा रस्ता शोधणारच की. १८९८ मध्ये विल्यम क्रुक्स या ब्रिटिश शास्त्रज्ञानं जाहीर भाषणात सांगितलं होतं की गहू खाणाऱ्या देशांना नायट्रोजन कमी पडणार आहे, चिलीचा सोरा कायमचा पुरणार नाही, तेव्हा केमिस्टांनो हवेतला नायट्रोजन पकडा. हे काही गुपित नव्हतं, सगळ्यांनी वाचलेलं होतं.

१९०९ मध्ये फ्रिट्झ हाबरनं जर्मनीत प्रयोगशाळेत ते करून दाखवलं, कार्ल बॉशनं त्याचा कारखाना केला, आणि १९१३ मध्ये बीएएसएफ कंपनीच्या ओपाऊ इथल्या कारखान्यात हवेतल्या नायट्रोजनपासून अमोनिया बनवायला सुरुवात झाली. लगेच दुसऱ्या वर्षी महायुद्ध. ब्रिटिश आरमारानं जर्मनीचा समुद्र बंद केला, चिलीचा सोरा जर्मनीला मिळेना, मग त्यांनी झक मारत हेच कारखाने वाढवले. गंमत बघा, त्याच युद्धात दोस्त राष्ट्रं दारूगोळ्यासाठी चिलीचा सोरा धडाधड उचलत होती, त्यामुळे चिलीत सगळ्यांना वाटलं की आपलं बरं चाललंय. युद्ध संपलं, ऑर्डरी थांबल्या, आणि जर्मनीची ती पद्धत हळूहळू सगळीकडे गेली. वरून १९२९ ची मंदी आली. लीग ऑफ नेशन्सच्या अहवालानुसार त्या मंदीचा सगळ्यात जबर तडाखा बसलेला देश चिली होता. ला पाल्मासुद्धा त्याच धडाक्यात बंद पडलं.

पण गोष्ट तिथे संपत नाही, पुढचा प्रश्न त्याच्यावरच आहे.

पुण्याहून एक आर्किटेक्ट वाचक : उतरणीला लागलेल्या गावात स्विमिंग पूल आणि थिएटर कुणी बांधलं? तारखा जुळत नाहीत.

तुमची शंका बरोबर आहे, आणि तारखा खरंच उलट्या आहेत. फोटोत जे देखणं गाव दिसतं ते भरभराटीतलं नाहीच, बरंचसं घसरणीच्या काळातलं आहे. १९३४ मध्ये नव्यानं स्थापन झालेल्या कंपनीनं ला पाल्मा ताब्यात घेतलं, यंत्रं बदलली, त्या इंग्रज केमिस्टच्या मानार्थ गावाचं नाव सान्तियागो हम्बरस्टोन ठेवलं (जेम्सचं स्पॅनिश सान्तियागो), आणि चौक, बाजार, चर्च, हॉटेल, थिएटर, पूल हे सगळं त्या पाच-सहा वर्षांत उभं राहिलं. १९४० च्या आसपास साडेतीन हजारांच्या घरात वस्ती होती. पूल सिमेंटचा नाही बरं का, लोखंडी पत्र्यांचा आहे, रिव्हेट मारलेला, जहाजाच्या बाजूसारखाच दिसतो, आणि बुडालेल्या एका जहाजाचं लोखंड वापरलं असं तिथे सांगतातही. एका टोकाला उडी मारायचा फळा, बाजूला बसायला पायऱ्या. घरांना लाकूड अमेरिकेतून आणलेलं ओरेगॉन पाईन, कारण वाळवंटात कुठलं लाकूड, आणि छपरांना नालीदार पत्रा. पाऊस नसल्यामुळे इतकी वर्षं टिकलं, पण समुद्राकडून येणारं खारट धुकं आणि भूकंप यांनी खिळखिळं केलंय.

आता हा खर्च कशासाठी? माझा अंदाज सरळ आहे, आधीच्या पिढीतले कामगार संप करून करून चांगले तयार झालेले होते, देशात कामगार कायदे आलेले होते, आणि भर वाळवंटात माणूस टिकवायचा तर नुसत्या पगारावर टिकत नाही. पण मुळात जो माल विकायचा तो जर्मन अमोनियापेक्षा महाग पडत होता, त्याला पूल आणि थिएटर काय करणार. १९६० मध्ये कायमचं बंद. नंतर सगळं गाव लिलावात भंगाराच्या भावानं गेलं, निम्मं उचकटून नेलं, १९७० मध्ये राष्ट्रीय स्मारक जाहीर झालं तेव्हा उरलेलं वाचलं. २००५ मध्ये शेजारच्या सान्ता लाऊरासकट युनेस्कोच्या जागतिक वारशात आलं, आणि आलं तेच थेट धोक्यातल्या वारशांच्या यादीत, तिथून २०१९ मध्ये बाहेर पडलं.

कोल्हापूरहून : कामगारांना पगार नोटांत न देता बिल्ले द्यायचे असं वाचलं. खरं आहे का? आणि ते गप्प कसे बसले?

खरं आहे. त्या बिल्ल्याला फिचा म्हणायचे. धातूचे असायचे, कडक रबराचेही असायचे, त्यावर ऑफिसिनाचं नाव आणि किंमत. कामगारानं उन्हात कालिचे फोडायचा, गाड्या भरायच्या, आणि हातात पडायचे हे बिल्ले, जे फक्त कंपनीच्याच दुकानात चालायचे, त्या दुकानाला पुल्पेरिया म्हणतात. शेजारच्या ऑफिसिनात नेलात तर कवडीमोल, आणि रोख करून मागितलेत तर वटाव कापून मिळणार. दुकानात भाव कंपनीचा, वजनाचा काटा कंपनीचा, आणि बाहेरच्या फेरीवाल्याला वसाहतीत येऊ द्यायचं नाही. म्हणजे मालकानं एका हातानं दिलेला पगार दुसऱ्या हातानं परत घ्यायचा. गावातून बाहेर पडायचं म्हटलं तर खिशात चालणारा पैसाच नाही.

आणि गप्प कुठे बसले? डिसेंबर १९०७ मध्ये हजारो कामगार संप करून वाळवंट तुडवत इकिके बंदरात उतरले, बायकामुलांसह, आणि तिथल्या सान्ता मारिया शाळेत मुक्काम ठोकला. मागण्या वाचल्या तर आज कुणालाही वाटेल की यात एवढं काय होतं. पगार घसरलेल्या चलनात नको, ठरलेल्या विनिमय दरानं द्या. फिचा पूर्ण किमतीला वटवा. वजन बघायला दुकानाबाहेर काटा ठेवा. संध्याकाळची शाळा काढा. आणि एक मागणी मला सगळ्यात जास्त लागते, उकळत्या टाक्यांवर लोखंडी जाळ्या बसवा. का, तर माणसं त्यात पडत होती. सोरा विरघळवायच्या त्या टाक्यांच्या कडेवरून माणूस फावडं घेऊन चालायचा, वाफेनं समोरचं दिसायचं नाही, पाय घसरला की संपलं. नुसती जाळी मागितली होती त्यांनी.

२१ डिसेंबरला जनरल रोबेर्तो सिल्वा रेनार्दच्या हुकमावरून शाळेवर मशीनगन चालवल्या. सरकारी आकडा दीडशेच्या आतला, कामगारांच्या बाजूचे लोक दोन हजारांच्याही वर सांगतात, खरा कधी कळणार नाही. त्यात पेरू आणि बोलिव्हियाचेही कामगार होते, त्यांच्या वकिलातींनी आधीच सांगितलं होतं की तुम्ही बाहेर पडा, पण ते चिलीच्या सोबत्यांना सोडून गेले नाहीत. आणि हे तेच देश ज्यांचं एकमेकांशी याच सोऱ्यावरून पंचवीस वर्षांपूर्वी युद्ध झालं होतं! बिल्ल्यांचा पगार १९२४ च्या कामगार कायद्यांनी बेकायदा ठरवला, म्हणजे शाळेवरच्या गोळीबारानंतर आणखी सतरा वर्षं.

नागपूरहून एक कॉलेज विद्यार्थिनी : त्या युद्धाबद्दल सांगा ना. वाळवंटासाठी तीन देश भांडले?

भांडले आणि चांगले चार-पाच वर्षं भांडले, १८७९ ते १८८४. थोडक्यात असं, की अँटोफागास्ताचा किनारा तेव्हा बोलिव्हियाचा, पण तिथे सोरा काढणारी कंपनी चिलीची, ब्रिटिश भांडवल असलेली. १८७४ च्या तहात बोलिव्हियानं कबूल केलं होतं की पंचवीस वर्षं नवा कर लावणार नाही. १८७८ मध्ये क्विंटलला दहा सेंटाव्होचा कर लावला. कंपनी भरेना, बोलिव्हियानं कंपनीचा लिलाव पुकारला, आणि लिलावाच्याच दिवशी चिलीचं सैन्य बंदरात उतरलं. पेरूचा बोलिव्हियाशी गुप्त करार होता, तोही ओढला गेला. शेवट असा की पेरूचा तारापाका प्रांत (ज्यात आपलं ला पाल्मा) चिलीला गेला आणि बोलिव्हियाचा अख्खा समुद्रकिनारा गेला. बोलिव्हियाकडे आजही नौदल आहे, टिटिकाका सरोवरात! २०१८ मध्ये ते आंतरराष्ट्रीय न्यायालयातही हरले.

पण या युद्धात खरा जिंकला तो जॉन थॉमस नॉर्थ, लीड्सचा एक मेकॅनिक. पेरूनं १८७५ मध्ये सोऱ्याच्या ऑफिसिना सरकारजमा करून मालकांना रोख्याचे कागद दिले होते. युद्ध सुरू झालं तसे ते कागद मातीमोल झाले, नॉर्थनं ते गोळा केले, तेही चिलीतल्या बँकेच्या कर्जावर, आणि नंतर चिली सरकारनं जाहीर केलं की ज्याच्याकडे कागद त्याची ऑफिसिना. म्हणजे रक्त चिलीच्या शिपायाचं, पैसा चिलीच्या बँकेचा आणि मालकी लंडनला. पुढे त्यानं रेल्वे घेतली, इकिकेला पाणी पुरवायचा धंदा घेतला, आणि १८८९ मध्ये लंडनमध्ये जंगी पार्टी दिली त्यात स्वतः आठव्या हेन्रीच्या वेषात मिरवला. सोऱ्याचा राजा म्हणायचेच त्याला लोक.

नाशिकहून : तिथेच एवढा सोरा का साठला? आपल्या थरच्या वाळवंटात का नाही?

सोरा पाण्यात पटकन विरघळतो, एवढं लक्षात ठेवलं की उत्तर मिळतं. नायट्रेट हवेतून थोडं थोडं जगात सगळीकडे पडतं, पण पाऊस ते धुऊन नेतो. अटाकामात लाखो वर्षं पाऊसच जवळपास नाही, त्यामुळे पडलेलं तिथेच राहिलं. थरला दरवर्षी मान्सून थोडातरी शिवतोच. बाकी आपल्याकडे सोरा नव्हता असं नाही, बिहारमधल्या मातीतून काढलेला सोरा ईस्ट इंडिया कंपनी जहाजं भरभरून न्यायची, तो पोटॅशियमचा, बंदुकीच्या दारूला थेट चालणारा.

अकोल्याहून एक शेतकरी : हे चिलीचं खत आज मिळतं का, वापरावं का? आणि आपला युरिया त्या जर्मन पद्धतीचाच का?

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर हो. ट्रॉम्बे असो की अलिबागजवळचं थळ, आधी अमोनिया बनतो आणि तो हाबर-बॉशच्याच पद्धतीनं, नैसर्गिक वायू वापरून, मग त्याचा युरिया. तुमच्या शेतात पडणारी गोणी म्हणजे ज्यानं हम्बरस्टोन बंद पाडलं त्याच पद्धतीचा माल.

पहिल्याचं, सोडियम नायट्रेट पिकाला लगेच लागू होतं हे खरं, त्यात नायट्रोजन तयार नायट्रेटच्या रूपात असतो, पण त्याच्याबरोबर सोडियम येतो. तुम्ही अकोल्याचे, खारपाणपट्ट्यात असाल तर जमिनीत आधीच सोडियम नको तेवढा आहे, अजून कशाला घालता? माती चिकट होते, पाणी मुरत नाही, तुम्हाला मी काय सांगायचं. त्यापेक्षा माती परीक्षण करून घ्या आणि तिथल्या कृषी विद्यापीठात विचारा.

ठाण्याहून : कोलारची सोन्याची खाणही अशीच बंद पडली ना?

नाही, तिथे कारण वेगळं. कोलारला तीन किलोमीटरच्या खाली उतरावं लागत होतं आणि दगडात सोनं कमी कमी होत गेलं, खर्च निघेना, २००१ मध्ये बंद. सोन्याला पर्याय कुणी कारखान्यात काढला नव्हता. तुलना करायचीच तर आपल्याकडच्या नैसर्गिक निळीशी करा, जर्मनीतच कृत्रिम नीळ बनली आणि बिहारचे निळीचे मळे बसले, कंपनीही तीच बीएएसएफ.

औरंगाबादहून, आणि असाच प्रश्न आणखी बऱ्याच जणांचा : आता चिली लिथियमवर श्रीमंत होतोय म्हणतात. पुन्हा तेच होणार का?

भविष्य मी सांगत नाही, पण माणसं तीच आहेत एवढं सांगतो. सोरा काढणारी मोठी कंपनी एसक्यूएम, तीच आज अटाकामाच्या मिठागरातून लिथियम काढते. आयोडीनही त्याच कालिचेतून निघतं आणि त्यात चिली आज जगात पहिला आहे, म्हणजे जो आधी जोडधंदा होता तो टिकला. लिथियमला पर्याय म्हणून सोडियमच्या बॅटऱ्या बाजारात यायला लागल्यात, तेव्हा तिथले लोक हाबरची आठवण काढत असतील तर नवल नाही. फरक एक आहे की चिलीचं मुख्य उत्पन्न आता तांब्याचं आहे, सोऱ्यासारखी सगळी भिस्त लिथियमवर नाही.

डोंबिवलीहून एक जोडपं : आम्ही दक्षिण अमेरिकेला जायचं ठरवतोय. हम्बरस्टोन बघण्यासारखं आहे का?

आहे, पण निव्वळ फोटोसाठी जाऊ नका, अर्धा दिवस तरी द्या. राजधानी सान्तियागोहून इकिकेला विमान, तिथून रस्त्यानं साधारण पन्नास किलोमीटर, समुद्रापासून एकदम हजार मीटर वर चढायला लागतं. सावली म्हणून नाही, टोपी आणि पाणी जवळ ठेवा, आणि पूल बघून परत फिरू नका, पलीकडच्या सान्ता लाऊराला चालत जा, सोरा उकळायचा कारखाना तिथलाच बघण्यासारखा आहे, त्या टाक्या बघितल्या की जाळीची मागणी कळते. नोव्हेंबरात सोऱ्याचा आठवडा साजरा करतात, तेव्हा तिथे जन्मलेली म्हातारी माणसं मुलानातवंडांना घेऊन येतात, बँड वाजतो, आपापल्या चाळीतलं घर दाखवत बसतात. त्यांच्याशी बोलायला थोडंफार स्पॅनिश लागेल. त्या आठवड्यात इकिकेत गर्दी असते, हॉटेल आधीच बुक करा.